‘मला साप ओळखता येतो’: सापांच्या बाबतीत या चुका टाळा

पावसाळ्यात घराच्या भिंतीवर पांढऱ्या पट्ट्यांचा साप दिसला की दोनच आवाज उठतात. एक, ‘मण्यार आहे, मारा!’ आणि दुसरा, ‘अहो कवड्या आहे, काही करत नाही.’ पहिल्यात बहुतेक वेळा बिनविषारी सापाचा जीव जातो. दुसरा अंदाज चुकला तर माणसाचा जातो. सापाला घाबरणारा लांब उभा राहतो. ओळखता येतो म्हणणारा जवळ जातो. सर्पदंशाच्या हकिगती ऐकल्या तर अडाणीपणापेक्षा अर्धवट माहितीच जास्त वेळा आडवी आलेली दिसते.

भारतात सापांच्या तीनशेहून अधिक जाती आहेत. त्यांतल्या बहुसंख्य बिनविषारी किंवा माणसाला अपाय न करण्याइतपत सौम्य. तरीही 2000 ते 2019 या काळात देशात सर्पदंशाने सुमारे 12 लाख माणसे गेल्याचा अभ्यासकांचा अंदाज आहे, म्हणजे वर्षाला सरासरी 58 हजार. निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबरमधले, आणि बहुतेक खेड्यांतले. जीवघेणा दंश करणारे मुख्यतः चार: नाग, मण्यार, घोणस आणि फुरसे. चौघांची राहणी इतकी वेगळी आहे की एकाला लागू पडणारी खबरदारी दुसऱ्याच्या बाबतीत कामाची नाही.

पट्टे पाहून मण्यार ओळखणे

कवड्या हा पालींवर जगणारा साप. पाल घरात, म्हणून तोही घरात. भिंतीवर सरसर चढतो, ट्यूबलाइटच्या मागे, दाराच्या चौकटीत, घड्याळामागे बसतो. पकडला तर चावतोही, पण विष नाही. त्याचे पट्टे मानेपासून सुरू होतात, पुढे रुंद आणि ठळक असतात आणि शेपटीकडे जाताना पुसट होतात. मण्यारीचे उलटे. तिच्या डोक्यामागचा बराचसा भाग अनेकदा कोराच असतो, मग बारीक पांढऱ्या रेघा येतात, बहुधा जोडीजोडीने, आणि शेपटीकडे त्या अधिक स्पष्ट होत जातात. रंग निळसर काळा, अंगाला तुकतुकी. पाठीच्या कण्यावरून मोठ्या षटकोनी खवल्यांची एक ओळ गेलेली असते, ती कवड्याला नसते.

हे सगळे वाचून आता ओळखता येईल असे वाटले असेल, तर थांबा. यातली एकही खूण रात्री दोन वाजता, मोबाइलच्या उजेडात, हलत्या सापावर नीट दिसत नाही. कात टाकायला आलेल्या सापाचा रंग मळकट होतो, पिल्लांचे पट्टे मोठ्यांसारखे नसतात, आणि काही मण्यारींवर पट्टे जवळजवळ नसतातच. पुण्याच्या कात्रजच्या सर्पोद्यानात हे साप काचेमागे निवांत पाहता येतात. ओळख शिकायची ती तिथे. घरात पट्ट्यांचा साप दिसला की तो मण्यारच धरून चालायचे. चूक निघाली तर नुकसान काहीच नाही.

मण्यारीबद्दल अजून थोडे सांगायला हवे, कारण तिच्याइतका फसवा साप आपल्याकडे नाही. दिवसा ती बिळात, विटांच्या ढिगात, भिंतीच्या भेगेत गुंडाळून पडलेली असते. त्या वेळी डिवचली तरी डोके वेटोळ्यात लपवते, आणि ‘गरीब साप आहे’ असे म्हणत लोक तिला हातात घेतात. रात्री तीच मण्यार चपळ असते. उंदीर, बेडूक, सरडे खाते आणि दुसरे सापही खाते, त्यामुळे घरात कवड्या असेल तर त्याच्या मागावर तीही येऊ शकते. जमिनीवर झोपलेल्या माणसाच्या अंथरुणात ती शिरते, आणि माणसाने कूस बदलली की चावते.

हा दंश दुखत नाही. डास चावल्यासारखे वाटते किंवा जागच येत नाही. खूण शोधूनही सापडत नाही. पहाटे पोटात कळा येतात, उलटी होते, घसा दुखतो. घरचे ‘रात्रीचे जेवण बाधले’ म्हणून ओवा-हिंग देतात. मग पापण्या जड होऊन खाली येऊ लागतात, बोलणे अडखळते, थुंकी गिळता येत नाही आणि शेवटी श्वासाचे स्नायू थकतात. पावसाळ्यात जमिनीवर झोपलेल्या माणसाचे पहाटे पोट दुखतेय आणि डोळे उघडे ठेवता येत नाहीत, एवढ्यावर सर्पदंशाची शंका घेऊन दवाखाना गाठावा. साप दिसला नाही हे कारण पुरेसे नाही.

उपाय साधा आहे. खाटेवर झोपा. खाट नसेल तर मच्छरदाणी लावा आणि तिच्या कडा चारही बाजूंनी गादीखाली खोचा. नुसती लोंबती मच्छरदाणी डासही अडवत नाही.

घोणशीला अजगराचे पिल्लू समजणे

ही चूक शहरालगतच्या नव्या वसाहतींत जास्त होते. जाडजूड, संथ, अंगावर ठिपके असलेला साप. कुणीतरी ‘अजगराचे पिल्लू’ म्हणतो आणि उचलतो. घोणशीच्या पाठीवर गडद लंबगोल ठिपक्यांच्या तीन ओळी असतात, मधली ओळ साखळीसारखी, ठिपक्यांच्या कडा काळ्या आणि त्यांना पांढरी किनार. अजगराचे डाग ओबडधोबड, एकसारखे नसलेले. डुरक्या घोणस नावाचा बिनविषारी सापही हुबेहूब तसाच दिसतो. त्याची शेपटी आखूड आणि खरखरीत, पण शेपटी बघायला कोण थांबतो? नावातही घोणस असल्याने गोंधळ दुप्पट.

एक गोष्ट मात्र नक्की ओळखू येते. घोणस चिडली की कुकरच्या शिट्टीसारखा लांब फूत्कार काढते. तो ऐकला की मागे सरायचे. संथ दिसते म्हणून फसू नये. तिची पद्धतच दबा धरून बसण्याची आहे. उंदराच्या वाटेवर ती पडून राहते आणि झेप घेते तेव्हा कळतही नाही. ऊसतोडीत, भातकापणीत, गवत कापताना हात थेट तिच्यावर पडतो. म्हणून पेंढी उचलण्याआधी ती विळ्याने किंवा काठीने पलटावी. पायात गमबूट असावेत, कारण शेतातले बरेचसे दंश घोट्याच्या आसपास होतात.

घोणस अंडी घालत नाही, थेट पिल्ले देते, एका वेळी वीस-चाळीसही. ती साधारणपणे पावसाळ्याच्या तोंडावर जन्मतात. वीतभर लांबीचे ते पिल्लू गांडुळाच्या मानाने जाड आणि दिसायला देखणे. मुले हातात घेतात. जन्मल्या क्षणापासून त्याला दात आहेत आणि विषही.

फुरसे त्याहून लहान. कोकणातल्या जांभ्याच्या सड्यांवर, दगडाखाली, पालापाचोळ्यात असते. चिडले की अंगाचे वेटोळे एकमेकांवर घासते आणि करकर आवाज करते. तिथे दगड उचलताना बोटे खाली घालू नयेत, पहारीने उलटवावा.

कार्बोलिक, फिनेल आणि लसूण

जून लागला की दुकानात कार्बोलिकच्या बाटल्या संपतात. घराभोवती रेघ मारली की साप ती ओलांडत नाही, हा आपल्याकडचा सर्वात महाग समज. साप जिभेने हवेतले गंधकण टिपतो आणि टाळूतल्या एका खास इंद्रियाकडे नेतो, हे खरे. पण म्हणून उग्र वासाला तो घाबरतो असे होत नाही. रेघ पावसाने धुऊन जाते, आणि बाटली लहान मुलांच्या हाती लागली तर त्वचा भाजते. अंगावर थेट फेकले तर सापाला इजा होते. मग सैरावैरा धावणारा साप कुठल्या खोलीत शिरला हे शोधत बसा. लसणाच्या माळा, घोड्याच्या केसांची दोरी, बाजारात मिळणारी ‘स्नेक रिपेलंट’ पावडर यांवरही विसंबू नये.

साप येतो तो दोन गोष्टींसाठी, खायला आणि लपायला. धान्याच्या कणगीखाली उंदीर, खुराड्यात अंडी, मोरीपाशी बेडूक, दिव्याखाली किडे आणि किड्यांवर पाली. त्यापुढे लाकूडफाटा, गोवऱ्यांचा उडवा, कौलांची चळत, बांधकाम संपून दोन वर्षे पडलेल्या विटा. सांडपाण्याच्या नळाला जाळी नाही, दाराखाली बोटभर फट आहे. बोटभर फट पिल्लालाच नव्हे, बारीक अंगाच्या मोठ्या सापालाही पुरते. कार्बोलिकच्या पैशात दाराला रबरी पट्टी बसते. छपराला टेकलेली फांदी छाटायलाही विसरू नका. लाकडे घराच्या भिंतीला न टेकवता थोडी दूर आणि जमिनीपासून वर रचावीत. मुंबई-पुण्याच्या सोसायट्यांतही हेच. तिथे कणगीच्या जागी कचऱ्याची खोली असते, एवढाच फरक.

घरात कात सापडली, आता काय?

आधी घाबरू नका. कात म्हणजे साप इथून गेला, किंवा जवळपास कुठेतरी आहे, दोन्ही शक्य. कात नीट हातात घेऊन पाहण्यासारखी असते. साप ती ओठांपासून उलटवत काढतो, मोजा काढताना आतली बाजू बाहेर येते तशी. ओढली गेल्याने ती सापापेक्षा लांब भरते, त्यामुळे ‘आठ फुटी साप आहे हो’ हे बहुधा खोटे. डोक्याकडचा भाग शाबूत असेल तर डोळ्यांच्या जागी दोन गोल पारदर्शक चकत्या दिसतील. सापाला पापण्या नसतात. डोळ्यावर एक पारदर्शक खवला असतो आणि तोही कातेबरोबर निघतो. काही दिवस आधी तोच खवला दुधी निळसर झालेला असतो. त्या काळात सापाला धड दिसत नाही आणि तो जास्त चिडका होतो.

शेपटीची खालची बाजू उजेडात धरा. मण्यारीत तिथले खवले अखंड, एकेरी ओळीत असतात. कवड्याचे मधोमध दुभागलेले, दोन ओळींत. कातेवर ही खूण निवांत बघता येते, जिवंत सापावर बघायला जाऊ नये. कात मिळाली की त्याच दिवशी फटी बुजवायच्या नाहीत. साप आत असेल तर आतच कोंडला जाईल. आधी सामान हलवून, उजेडात, लांब काठीने खोली तपासा.

साप समोर आहे

इथली सगळ्यात मोठी चूक म्हणजे नजर हटवणे. सगळे घर काठी, फोन, शेजारी शोधायला धावते आणि परत येईपर्यंत साप गायब. मग ती रात्र कुणी झोपत नाही. एका मोठ्या माणसाने लांबून, निदान सहा-सात फुटांवरून, फक्त लक्ष ठेवावे. मुले आणि कुत्रे-मांजर बाहेर. बाकी खोल्यांची दारे बंद, दाराखाली ओला टॉवेल. सापाची बाहेर जायची वाट मोकळी. रॉकेल, उकळते पाणी, फिनेल काहीही टाकायचे नाही. अंगणातला साप तर बहुतेक वेळा आपणहून निघून जातो, त्याला जाऊ द्यावे. आत असेल तर सर्पमित्राला बोलवा किंवा वनविभागाच्या 1926 या क्रमांकावर फोन करा.

सर्पमित्र निवडतानाही चुका होतात. नाग गळ्यात घालणारा, फणा काढायला लावून रील करणारा, शेजारच्या पोराला शेपूट धरायला देणारा माणूस सर्पमित्र नव्हे. काम जाणणारा माणूस हात कमीत कमी लावतो, सापाला पाइपातून पिशवीत शिरू देतो आणि पाच मिनिटांत निघतो. त्याच्याकडे आग्रह धरायचा असेल तर तो असा: साप फार लांब नेऊन सोडू नका. आपल्याला वाटते, जंगलात सोडला की सुखी होईल. पण सापाला आपला परिसर असतो. त्यातली बिळे, पाणी, शिकारीच्या जागा त्याच्या ठरलेल्या असतात. अनोळखी ठिकाणी सोडलेला साप भटकत राहतो आणि तगण्याची शक्यता घटते. जवळच्याच ओढ्याकाठी, वस्तीपासून थोडे दूर सोडणे बरे. बरण्यांत साप साठवून ठेवणाऱ्याला तर वन्यजीव संरक्षण कायदा लागू होतो, मारणाऱ्यालाही.

आणि मारलाच कुणी, तर त्या सापाला हात लावू नका. तुटलेले डोकेही काही काळ प्रतिक्षिप्त क्रियेने चावू शकते.

दूध, बीन, डूख

साप दूध पीत नाही. नागपंचमीला पितो तो बरेच दिवस तहानलेला ठेवल्यामुळे, आणि ते त्याला पचत नाही. हळदकुंकू त्याच्या पापण्या नसलेल्या डोळ्यांत जाते. जिवंत नागाच्या पूजेसाठी प्रसिद्ध असलेल्या, सांगली जिल्ह्यातल्या बत्तीस शिराळ्यात न्यायालयाच्या निर्बंधांनंतर पूजेसाठी प्रतिमा आली, आणि सण तसाही चाललाच आहे.

बीन वाजली की नाग डोलतो, पण सुरावर नाही. सापाला बाह्यकान नसतात. जमिनीतली कंपने आणि खालच्या पट्टीचे आवाज त्याला कळतात. गारुड्यासमोर मात्र तो हलत्या पुंगीवर नजर ठेवून असतो. याचा उपयोग आपण करून घ्यावा: रात्री शेतात जाताना ओरडण्यापेक्षा पाय आणि काठी आपटत चालणे चांगले.

धामण गाईच्या पायांना विळखा घालून दूध पिते, ती नागाची मादी असते, असे अजूनही सांगतात. धामणीत नर-मादी दोन्ही असतात. दोन लांब साप उभे राहून एकमेकांना पीळ घालताना दिसतात, त्यावर उपरणे टाकले की भाग्य उघडते म्हणतात. ते बहुधा दोन नर असतात आणि मादीवरून त्यांची कुस्ती चाललेली असते. शेतातले उंदीर फस्त करणारी ही धामण लोक नाग समजून मारतात आणि मग उंदरांसाठी विष आणतात.

डूख धरण्याचे म्हणाल तर चेहरा लक्षात ठेवून सूड उगवण्याइतका सापाचा मेंदू विकसित नाही. एक मारला आणि त्याच जागी दुसरा आला, याचा अर्थ ते बीळ आणि तिथले उंदीर अजून शाबूत आहेत. मांडुळाला दोन तोंडे नसतात. बोथट शेपटी डोक्यासारखी दिसते एवढेच. त्यावरून कोट्यवधींचे व्यवहार सांगणारे भेटले तर पोलिसांना कळवा.

चावल्यानंतर

चिरा देणे, विष चोखणे, बर्फ लावणे, कोंबडी लावणे, मिरची किंवा कडुलिंब खायला देऊन चव विचारत बसणे यांत फक्त वेळ जातो. मांत्रिकाकडे गेलेले बरेच जण बरे होतात, कारण चावलेला साप बहुतेक वेळा बिनविषारी असतो, आणि विषारी साप दर वेळी विष सोडतोच असे नाही. त्याच्या यशाचे रहस्य एवढेच. दोन दातांच्या खुणा म्हणजे विषारी, हेही खरे नाही: कवड्याच्या दंशात दोन दिसू शकतात, मण्यारीच्या दंशात एकही नाही.

अंगठी, पाटल्या, पैंजण, घड्याळ लगेच काढा. सूज आल्यावर निघत नाहीत. चावलेला हात किंवा पाय मोडलेल्या हाडाला बांधतो तसा फळीला सैल बांधून स्थिर ठेवा. रोग्याला चालवू नका. 108 ला फोन करा. गाडी यायला वेळ लागणार असेल तर मोटारसायकलवर दोघांच्या मध्ये बसवून न्या. उलटी होत असेल तर डाव्या कुशीवर. चावल्याची वेळ आणि पहिले लक्षण कधी दिसले ते कागदावर लिहा. साप मारून पिशवीत आणायची गरज नाही. आपल्याकडची सर्पविषावरची लस नाग, मण्यार, घोणस, फुरसे या चौघांवर एकच आहे आणि डॉक्टर लक्षणांवरून ठरवतात. घाटातल्या हिरव्या चापड्यासाठी किंवा जाळ्यात येणाऱ्या समुद्रसापासाठी ती बनवलेलीच नाही; तिथे उपचार लक्षणांवर असतो.

कुणी आधीच दोरीने करकचून आवळले असेल तर? घाईने सोडू नका. आवळपट्टी एकदम सुटली तर साठलेले विष एका लोंढ्यात शरीरात जाऊ शकते. दवाखान्यात, औषधे हाताशी ठेवून, डॉक्टर ती सोडतील.

घोणस किंवा फुरश्याच्या दंशात रक्त गोठणे थांबते. ते तपासायला डॉक्टर थोडे रक्त कोरड्या काचेच्या नळीत घेऊन वीस मिनिटे न हलवता ठेवतात आणि मग नळी तिरकी करतात. ‘नुसते बघत बसलेत, काही करत नाहीत’ असा आरडाओरडा नातेवाईक नेमका याच वीस मिनिटांत करतात. लक्षण नसले तरी 24 तास थांबायला सांगतील, थांबा. लहान मुलाला मोठ्यांइतकीच लस देतात म्हणून दचकू नका. साप मूल बघून कमी विष सोडत नाही. लस टोचताना थंडी, पुरळ, दम अशी रिॲक्शन येऊ शकते आणि तिच्यावर तिथल्या तिथे इलाज असतो.

घोणशीच्या दंशानंतर लघवी कमी झाली किंवा लाल झाली तर त्याच दिवशी सांगा, मूत्रपिंडाला मार बसलेला असू शकतो. घरी परतल्यावर आठ-दहा दिवसांनी ताप, सांधेदुखी, अंगावर गांध्या आल्या तर ती लसीचीच उशिरा आलेली रिॲक्शन असू शकते; नवा आजार समजून परस्पर गोळ्या घेऊ नका. जवळच्या डॉक्टरकडेच जायचे असेल तर डिस्चार्जचा कागद बरोबर न्या आणि सर्पदंशाची लस कोणत्या तारखेला दिली होती ते आधी सांगा.